ओकित्सूची वाट

जपानची मेइजी राज्यघटना ११ फेब्रुवारी १८८९ रोजी जाहीर झाली. तिची कलमे ७६. ती पहिल्यापासून शेवटपर्यंत वाचली तरी ‘पंतप्रधान’ हा शब्द सापडत नाही आणि ‘मंत्रिमंडळ’ हाही सापडत नाही. मंत्र्यांनी सम्राटाला सल्ला द्यावा आणि त्या सल्ल्याची जबाबदारी आपल्या शिरावर घ्यावी, एवढे पंचावन्नावे कलम सांगते. या मंत्र्यांचा मुख्य कोण आणि तो निवडायचा कोणी, याबद्दल घटना गप्प आहे. त्या रिकाम्या जागेत पुढची पन्नास वर्षे काही म्हातारी माणसे बसून होती. त्यांना ‘गेनरो’ म्हणत, म्हणजे मूळचे वडीलधारे. त्यांना या कामासाठी पगार, कचेरी वा शिक्का नव्हता. तरी १९१८ साली हारा ताकाशी पंतप्रधान होणार की नाही, हे यांच्यातल्या एकाच्या होकारावर ठरले.

ज्या सत्तेला पद नाही तिला दफ्तरही नसते. मग तिचा इतिहास लिहायचा कशावरून? मराठी वाचकाला नाना फडणीस ठाऊक आहेत. पेशवाईची सूत्रे हलवणाऱ्या नानांकडे निदान फडणिशीचे पद होते, आणि पत्रांचा ढीग त्यांनी मागे ठेवला. गेनरोंच्या बाबतीत शोध उलट्या बाजूने घ्यावा लागतो. त्यांनी काय लिहिले यापेक्षा त्यांच्या दाराशी कोण गेले आणि परत येऊन त्याने काय लिहून ठेवले, हे पाहावे लागते.

एक सन्मानपत्र

गेनरोपणाचा आधार म्हणून ज्याकडे बोट दाखवले जाते तो कागद १ नोव्हेंबर १८८९ चा आहे. इतो हिरोबुमी आणि कुरोदा कियोताका या दोघांना सम्राटाने पत्र दिले, त्यात राज्याच्या उभारणीतली त्यांची कामगिरी गौरवून त्यांना मंत्र्याच्या इतमामाने वागवले जाईल असे म्हटले. एवढाच मजकूर. त्यात ‘गेनरो’ हा शब्द नाही, आणि पंतप्रधान सुचवण्याच्या अधिकाराचा तर मागमूसही नाही. पुढे ज्यांना सगळे गेनरो म्हणू लागले त्यांतल्या सर्वांना असे पत्र मिळालेही नव्हते. इनोउए काओरू यांच्याजवळ ते नव्हते, तरी त्यांच्या गेनरोपणाविषयी कोणी शंका घेतली नाही.

म्हणजे पत्राने अधिकार दिला नाही, मान दिला. अधिकार आला तो प्रघातातून. मंत्रिमंडळ पडले की सम्राट या वडीलधाऱ्यांना विचारी, ते आपसांत बसून एक नाव ठरवीत, सम्राट त्या माणसाला बोलावून मंत्रिमंडळ बनवायला सांगे. दरबारी भाषेत पहिल्या गोष्टीला ‘कामोन’, म्हणजे पृच्छा, आणि दुसरीला ‘होतो’, म्हणजे सविनय उत्तर असे शब्द होते. गेनरोंची सगळी सत्ता या प्रश्नोत्तरात होती. प्रश्न आला तरच उत्तर. आणि प्रश्न पुन्हा आपल्याकडेच यावा यासाठी उत्तर चालून जायला हवे.

इतिहासकार साधारणपणे नऊ नावे धरतात : इतो, कुरोदा, यामागाता आरितोमो, मात्सुकाता मासायोशी, इनोउए, साइगो त्सुगुमिची, ओयामा इवाओ, कात्सुरा तारो आणि सायोनजी किनमोची. कात्सुरांना धरावे की नाही, यावर एकमत नाही. शेवटचे सायोनजी वगळले तर सगळे चोशू आणि सात्सुमा या दोन संस्थानांतले सामुराई. तोकुगावा शोगुनशाही उलथवण्यात याच दोन संस्थानांचा हात होता. तेव्हा ‘आम्ही हे राज्य उभारले’ हा यांचा दावा पोकळ नव्हता. सायोनजी मात्र क्योतोच्या दरबारी उमराव घराण्यातले.

तोकाइदो लोहमार्गावरचे बंगले

या माणसांची वस्ती नकाशावर मांडली तर एक गंमत दिसते. इतोंचा बंगला ओइसोला, यामागातांचा ओदावाराला, इनोउए यांचा ओकित्सूला, आणि पुढे सायोनजींचाही ओकित्सूलाच. ही सारी गावे तोक्योहून पश्चिमेकडे जाणाऱ्या तोकाइदो लोहमार्गावर, समुद्राकाठी आहेत. हवा चांगली, शहराचा कोलाहल नाही आणि गाडी दारात. निवृत्त झालो म्हणायला जेवढे लांब हवे तेवढे लांब, आणि तातडीचा निरोप यायला जेवढे जवळ हवे तेवढे जवळ.

ओदावाराच्या बंगल्यात काय चाले हे कळते ते मुख्यतः हारा ताकाशी यांच्या रोजनिशीमुळे. हारा हे सेइयुकाई पक्षाचे पुढारी. राजकीय पक्षांविषयी यामागातांना मनापासून तिटकारा, आणि त्यांची संमती मिळाल्याशिवाय पंतप्रधानपद मिळणे नाही, हे हारांना पक्के ठाऊक. म्हणून वर्षानुवर्षे ते या म्हाताऱ्याच्या भेटीला जात राहिले. परत येऊन संभाषणाची टिपणे करीत. टिपणात यामागातांविषयीची खरी मतेही उतरत, जी तोंडावर कधी बोलून दाखवता आली नसती. १९१८ मध्ये तांदळाच्या भाववाढीने देशभर दंगली उसळल्या आणि तेराउची मंत्रिमंडळ गेले. यामागातांनी आधी सायोनजींना गळ घातली. सायोनजींनी नकार देऊन हारांचे नाव पुढे केले, आणि दुसरा मार्ग उरला नाही तेव्हा यामागातांनी ते मान्य केले. २९ सप्टेंबरला हारा पंतप्रधान झाले. ४ नोव्हेंबर १९२१ रोजी तोक्यो स्थानकात त्यांचा खून झाला. त्यांच्या मृत्युपत्रात रोजनिशीविषयी खास सूचना होती : बरीच वर्षे ती बाहेर येऊ देऊ नये, पण आपल्या मागे राहणाऱ्या चीजवस्तूंत तिचे मोल सर्वांत जास्त समजावे. दुसऱ्या महायुद्धानंतर ती छापली गेली.

ज्यांनी गेनरोंचे दार टाळले त्यांचे काय झाले, हे कातो ताकाआकी यांच्या उदाहरणावरून दिसते. पहिल्या महायुद्धाच्या सुरुवातीस ते परराष्ट्रमंत्री होते. परराष्ट्र खात्याचे महत्त्वाचे कागद गेनरोंना दाखवण्याचा रिवाज त्यांनी बंद केला. परराष्ट्र व्यवहार परराष्ट्रमंत्र्याने सांभाळावा, हे त्यांचे म्हणणे घटनेला धरूनच होते. पण यामागाता जिवंत असेपर्यंत कातोंना पंतप्रधानपद मिळाले नाही. यामागाता १ फेब्रुवारी १९२२ रोजी वारले. कातो पंतप्रधान झाले ते जून १९२४ मध्ये.

यामागातांनी मागे ठेवलेली सर्वांत टिकाऊ वस्तू मात्र एक नियम होती. आपल्या दुसऱ्या मंत्रिमंडळाच्या काळात, १९०० साली, त्यांनी असे ठरवून घेतले की युद्धमंत्री आणि नौदलमंत्री हे प्रत्यक्ष सेवेतले वरिष्ठ सेनाधिकारीच असावेत. कागदावर ही प्रशासकीय बाब दिसते. व्यवहारात याचा अर्थ असा, की लष्कराने माणूस दिला नाही तर मंत्रिमंडळच बनत नाही. १९१२ च्या डिसेंबरमध्ये याचा पहिला मोठा तडाखा बसला. दोन नव्या डिव्हिजनना पैसा मिळत नाही म्हणून युद्धमंत्री उएहारा युसाकू यांनी राजीनामा दिला, लष्कराने त्यांच्या जागी दुसरा दिला नाही, आणि मंत्रिमंडळ कोसळले. ते मंत्रिमंडळ सायोनजींचे होते. त्याच महिन्यात त्यांची गणना गेनरोंत होऊ लागली. ज्या हत्याराने ते पडले ते हत्यार पुढच्या आयुष्यात त्यांची पाठ सोडणार नव्हते.

शेवटचा एकटा

मात्सुकाता जुलै १९२४ मध्ये वारले आणि सायोनजी एकटे उरले. वय चौऱ्याहत्तर. तरुणपणी ते सुमारे दहा वर्षे फ्रान्समध्ये राहिले होते आणि फ्रेंच राजकारणी क्लेमांसो यांच्याशी त्यांची तिथली ओळख होती. दोनदा पंतप्रधानपद भूषवून १९१९ च्या पॅरिस शांतता परिषदेत त्यांनी जपानी शिष्टमंडळाचे नेतृत्व केले होते. त्या सुमारास ओकित्सूला त्यांनी घर बांधले. नाव ‘झाग्योसो’, बसून मासे धरणाऱ्याचे घर. नावामागे प्राचीन चीनमधल्या त्या म्हाताऱ्याची कथा आहे, जो नदीकाठी गळ टाकून बसला असता राजा त्याला शोधत आला. तोक्योहून सुमारे १६५ किलोमीटरवरच्या या घराकडे मंत्री, सेनाधिकारी, उद्योगपती येऊ लागले. वर्तमानपत्रांनी या फेऱ्यांना देवदर्शनाच्या यात्रेचे नाव दिले : ओकित्सु-मोदे.

गेनरोंची संख्या वाढवावी, अशा सूचना होत होत्या. सायोनजींनी त्या उचलून धरल्या नाहीत. संस्था आपल्याबरोबर संपावी अशी त्यांची भूमिका राहिली. बहुमताच्या पक्षाचा पुढारी पंतप्रधान व्हावा हा प्रघात १९२४ पासून रुजत होता. तो मुरला असता तर विचारायला गेनरो लागलाच नसता. आपले काम अनावश्यक व्हावे असे वाटणारा हा सत्ताधीश होता, असे म्हणण्याचा मोह होतो. पण इथेच जरा थांबायला हवे, कारण हे चित्र ज्या कागदांतून येते ते कोणाचे आहेत हे पाहणे भाग आहे.

हारादांची टिपणे

बॅरन हारादा कुमाओ १९२६ पासून सायोनजींचे खासगी चिटणीस होते. तोक्योत राहायचे, मंत्र्यांपासून सेनापतींपर्यंत सगळ्यांना भेटायचे, फोन करायचे, आणि गाडी धरून ओकित्सूला जाऊन सगळे सांगायचे. तिथला निरोप उलट पोचवायचा. १९३० साली लंडनच्या नौदल करारावरून वादळ उठले. पुढे या प्रकरणाची भलतीच हकीकत सांगितली जाईल, या धास्तीने हारादांनी ऐकलेले-बोललेले लिहवून ठेवायला सुरुवात केली. ते सांगत, आणि संगीतकार कोनोए हिदेमारो यांच्या पत्नी लिहून घेत. हे काम दहा वर्षे चालले. ‘सायोनजी आणि राजकीय परिस्थिती’ अशा अर्थाच्या नावाने ही टिपणे १९५० पासून खंडशः प्रसिद्ध झाली.

मराठी इतिहासाच्या परिभाषेत हा कागद कुठे बसवायचा? ती बखर नव्हे, कारण घटना ताज्या असताना लिहिलेली आहे. दफ्तरही नव्हे, कारण तिच्यात हुकूम नाहीत, हिशेब नाहीत. आहे ते सारे कानावरचे. अमक्याने मला सांगितले, की तमक्याला सम्राट असे म्हणाले, अशी दोन-तीन कानांतून आलेली वाक्ये पानोपानी आहेत. युद्धानंतर तोक्योच्या आंतरराष्ट्रीय लष्करी न्यायाधिकरणापुढे ही टिपणे पुरावा म्हणून आली, तोवर हारादा हयात नव्हते. न्यायाधीश राधाबिनोद पाल यांनी आपल्या भिन्नमत निकालपत्रात पुराव्याची चर्चा करताना या टिपणांवर फारसा विश्वास टाकला नाही, यात नवल नाही. न्यायालयाला आरोपीचा दोष ठरवायचा असतो. इतिहासकाराची गरज थोडी वेगळी असते. निरोप कोणत्या वाटेने गेला आणि वाटेत कोणाच्या हातून गेला, हेही त्याला हवे असते, आणि ते या टिपणांइतके दुसरीकडे कुठे मिळत नाही.

पडताळ्यासाठी दोन रोजनिश्या हाताशी आहेत : राजमुद्रेचे राखणदार या दरबारी पदावर असलेले माकिनो नोबुआकी यांची, आणि त्या पदाचे चिटणीस व पुढे स्वतः त्या पदावर आलेले किदो कोइची यांची. माकिनोंची १९२९ ची नोंद तर सायोनजींच्या सरळ चित्राला तडा देते. मांचुरियातला सरदार झांग झुओलिन याला जपानी अधिकाऱ्यांनी ४ जून १९२८ रोजी बॉम्बने उडवले होते. दोषींना शिक्षा करा, असा सायोनजींचा आग्रह होता. पंतप्रधान तानाका यांनी चालढकल केली. सम्राटाने त्यांना स्पष्ट शब्दांत नापसंती कळवावी असे दरबारात ठरत आले, आणि अगदी आयत्या वेळी, जून १९२९ च्या अखेरीस, सायोनजींनीच हरकत घेतली : सम्राटाच्या शब्दाने मंत्रिमंडळ जाणे बरे नव्हे. माकिनो चकित झाले. सम्राटाने नापसंती दाखवली ती दाखवलीच, आणि २ जुलैला तानाका गेले. खुनाला शिक्षा हवी आणि सिंहासन वादाबाहेर हवे, या दोन गोष्टींत निवड करायची वेळ आली तेव्हा या उदार गृहस्थाने सिंहासन निवडले. पुढच्या दहा वर्षांचे सूत्र या एका नोंदीत आहे.

मे १९३२

१५ मे १९३२, रविवार. नौदलाच्या तरुण अधिकाऱ्यांनी पंतप्रधान इनुकाई त्सुयोशी यांना त्यांच्या निवासस्थानी गोळ्या घातल्या. फेब्रुवारीच्या निवडणुकीत त्यांच्या सेइयुकाई पक्षाने ४६६ पैकी ३०० हून अधिक जागा जिंकल्या होत्या. प्रघाताप्रमाणे त्या पक्षाच्या नव्या पुढाऱ्याचे, सुझुकी किसाबुरो यांचे नाव पुढे यायला हवे होते.

सायोनजी १९ मे रोजी कडक बंदोबस्तात तोक्योला आले. त्याच दिवशी सम्राटाची अपेक्षा त्यांच्यापर्यंत पोचवण्यात आली, ती हारादांच्या टिपणांत आहे : पंतप्रधान खंबीर चारित्र्याचा असावा, फॅसिझमच्या जवळ जाणारा मुळीच चालणार नाही, घटना सांभाळली जावी आणि परराष्ट्र धोरण शांततेचे असावे. दुसऱ्या बाजूने किदोंच्या रोजनिशीत त्याच आठवड्यातली लष्कराची भाषा सापडते. नागाता तेत्सुझान यांच्यासारखे, अतिरेकी न मानले जाणारे अधिकारीही पक्षाचे मंत्रिमंडळ लष्कर स्वीकारणार नाही असे बजावत होते.

पूर्वी गेनरो आपसांत बसून ठरवीत. आता आपसांत बसायला कोणी नव्हते. सायोनजींनी माजी पंतप्रधानांना, दरबारी अधिकाऱ्यांना, सेनापती उएहारा यांना आणि वृद्ध दर्यासारंग तोगो यांना एकेक करून भेटून घेतले. हे उएहारा म्हणजे ज्यांच्या राजीनाम्याने १९१२ साली त्यांचे मंत्रिमंडळ पडले तेच. २२ मे रोजी त्यांनी सम्राटाला नाव सांगितले : निवृत्त दर्यासारंग साइतो माकोतो. बहुमताच्या पक्षाचा पुढारी पंतप्रधान होण्याचा प्रघात तिथे थांबला. युद्ध संपेपर्यंत तो परत आला नाही.

सायोनजींनी लोकशाहीचा बळी दिला, की फॅसिझमकडे झुकणाऱ्याला दार बंद केले? कागद दोन्ही अर्थांना वाव देतात, पण एक गोष्ट स्पष्ट दाखवतात. सुझुकी किसाबुरो यांच्याविषयी दरबारात आधीच नाराजी होती. सम्राटाच्या अटींत बसणारा आणि लष्कराला खपणारा असा माणूस शोधायचा तर तो पक्षाबाहेरचाच निघणार होता. उत्तर सायोनजींनी दिले, पण प्रश्नाच्या अटी आता इतरांनी घातलेल्या होत्या.

उत्तर देऊन उपयोग काय

त्यानंतर प्रत्येक खेपेला उत्तराची किंमत घटत गेली. १९३४ च्या जुलैत साइतो मंत्रिमंडळ गेले तेव्हा सायोनजींनी माजी पंतप्रधानांची बैठक बोलावली आणि त्यांच्या मताने ओकादा केइसुके यांचे नाव दिले. जबाबदारी वाटून घेण्याची ही सुरुवात. २६ फेब्रुवारी १९३६ च्या लष्करी बंडात साइतो आणि अर्थमंत्री ताकाहाशी मारले गेले. सायोनजींना ओकित्सूत गाठायचा बेतही होता, पण त्यासाठी सैनिक वापरावेत की नाही यावर बंडखोरांतच मतभेद होऊन तो बारगळला. मार्चच्या सुरुवातीस म्हातारा पुन्हा तोक्योला आला. त्यांनी कोनोए फुमिमारो यांचे नाव सांगितले. कोनोएंनी प्रकृतीचे कारण सांगून नाकारले. मग हिरोता कोकी. याच हिरोतांच्या मंत्रिमंडळाने, मधल्या काळात सैल झालेला यामागातांचा १९०० चा नियम पुन्हा आवळला.

परिणाम दिसायला वर्षही लागले नाही. जानेवारी १९३७ मध्ये सायोनजींनी जनरल उगाकी यांचे नाव दिले. सम्राटाने उगाकींना आज्ञा केली. लष्कराने युद्धमंत्री दिला नाही. सम्राटाची आज्ञा घेऊन निघालेला माणूस चार दिवसांनी ती परत करून मोकळा झाला. गेनरोने नाव सांगितले, सम्राटाने मान्य केले, तरी ते झाले नाही. त्यानंतर सायोनजींनी या कामातून मोकळे करावे अशी विनंती केली. पृच्छा आता राजमुद्रेच्या राखणदाराकडे जाऊ लागली; त्याने ओकित्सूचे मत घ्यायचे, एवढा शिष्टाचार उरला.

१६ जुलै १९४० रोजी योनाई मंत्रिमंडळ पडले. कारण तेच : युद्धमंत्र्याचा राजीनामा आणि दुसरा देण्यास लष्कराचा नकार. तोवर किदो राजमुद्रेचे राखणदार झाले होते. दुसऱ्या दिवशी त्यांनी माजी पंतप्रधानांना राजवाड्यात जमवले. नाव ठरायला वेळ लागला नाही : कोनोए. किदोंनी आपले मुख्य चिटणीस मात्सुदाइरा यासुमासा यांना रिवाजाप्रमाणे सायोनजींकडे पाठवले. किदोंच्या रोजनिशीप्रमाणे सायोनजींनी उत्तर देण्याचे नाकारले. आपण आजारी आहोत, हल्लीच्या राजकारणाची नीट माहिती नाही, अशा स्थितीत सम्राटाला उत्तर देण्याची जबाबदारी आपण घेऊ शकत नाही, असा त्यांचा निरोप होता.

आजारपण खोटे नव्हते. वय नव्वद होते. राजकारणाची माहिती नाही, हे मात्र हारादांची टिपणे हातात घेऊन पटत नाही. जुलैपर्यंत हारादा त्यांना सगळे सांगतच होते. कोनोए हे त्यांनीच पुढे आणलेले, १९३६ साली त्यांनीच सुचवलेले. तरी त्या माणसासाठी होकार त्यांनी दिला नाही, आणि नकारही दिला नाही. १९२९ साली ज्या कारणाने ते माकिनोंच्या आड आले, त्याच कारणाने आताही त्यांनी सम्राटाला अडचणीत टाकणारे विरोधी उत्तर दिले नसावे, हा माझा तर्क आहे. कागदावर एवढेच आहे, की प्रश्न गेला आणि उत्तर आले नाही. मंत्रिमंडळ त्यावाचून अडले नाही. २२ जुलैला कोनोए पंतप्रधान झाले. २७ सप्टेंबरला जर्मनी आणि इटलीबरोबरच्या करारावर सह्या झाल्या.

सायोनजी २४ नोव्हेंबर १९४० रोजी वारले. सरकारने त्यांना राष्ट्रीय इतमामाने निरोप दिला. पंतप्रधान कोनोएच होते. हारादा पुढे पाच वर्षे जगले. त्या पाच वर्षांत युद्ध झाले, हरले गेले, आणि त्यांची तोक्योतली माणसे तीच होती. पण टिपणे त्या नोव्हेंबरलाच संपतात.